तू वेसला 'का?' विचारलंस

मितू, मला तुझा राग आला आहे. हे आधीच सांगून टाकते. फेब्रुवारीत आयडाहोच्या एका उतारावर बर्फ सुटला आणि तुला घेऊन खाली गेला. तेव्हापासून या घरात जो येतो तो मला शांत व्हायला सांगतो, आणि ते ऐकून माझं डोकं आणखीच फिरतं. मी रडले की लोकांना बरं वाटतं. कुणी पाणी आणून देतं, कुणी पाठीवरून हात फिरवतं. मी चिडले की सगळे आपापल्या फोनमध्ये बघायला लागतात. पोर गेलेल्या बाईने चिडायचं नसतं म्हणे. तुला माझ्या चिडण्याची सवय होती. आईशी बोलताना हेल्मेट घालावं लागतं, असं तू तुझ्या मित्रांना सांगायचीस. तेव्हा घाल हेल्मेट आणि ऐक.

त्या आठवड्यात घरी वंदना ठेवली. आपल्याकडे तेराव्याची भानगड नसते, तेवढं एक बरं. पप्पांनी सोफा गॅरेजमध्ये सरकवला, हॉलमध्ये चादरी अंथरल्या, बुद्धमूर्तीसमोर मेणबत्त्या लावल्या. बेलव्ह्यूची, रेडमंडची, आसपासच्या गावांतली आपली सगळी माणसं आली. त्रिसरण, पंचशील झालं, तोवर मी ठीक होते. मग एकेक जण बोलायला उभा राहिला. तुझ्या सुजाता काकू म्हणाल्या, "मितू तिला आवडतं ते करताना गेली. असं भाग्य किती जणांना मिळतं?" मी बसल्या जागेवरून म्हटलं, "ती गुदमरून गेली, सुजाताताई. ते तिला आवडत नव्हतं." पप्पांनी मला हाताला धरून किचनमध्ये नेलं आणि फ्रीजसमोर उभं करून म्हणाले, "प्लीज. आजच्या दिवस तरी प्लीज."

आता तूच सांग, मी काय चुकीचं बोलले? या त्याच काकू, ज्या दर पॉटलकला माझ्या प्लेटमध्ये पुलाव वाढता वाढता विचारायच्या, "मग, मितूचं ते घसरणं अजून चालूच आहे का? डिग्रीचं काय?" तू टीव्हीवर दिसायला लागलीस तेव्हाही त्यांचं म्हणणं होतं की हौस म्हणून ठीक आहे. आता ग्रुपवर तुझा फोटो फिरतोय आणि खाली लिहिलंय, आपल्या समाजाची शान. नागपूरहून मामाचा फोन आला, तो तर रडतच होता. "बाई, काहून पाठवलं वं पोरीले त्या बर्फात?" त्याला काय सांगू? मी पाठवलं होतं का तुला कुठे? तुला कुणी कुठे पाठवू शकलं असतं का?

शाळेच्या त्या शनिवारच्या बसपासून हे सगळं सुरू झालं. बाकीच्या आयाबाया पोरांना गणिताच्या क्लासला सोडत होत्या आणि तू एक फॉर्म घेऊन आलीस, शाळेची बस मुलांना डोंगरावर बर्फात खेळायला नेते म्हणून. मला वाटलं, एकदा थंडी वाजली की येईल ताळ्यावर. संध्याकाळी बसमधून उतरलीस ती ओठ निळे, पँट ओली, कोपर सोललेलं. म्हणालीस, "आई, आय फेल ऑल डे!" आणि इतकी हसलीस की बसच्या ड्रायव्हरनेही वळून पाहिलं. दिवसभर आपटल्याचा एवढा आनंद मी कुणाला झालेला पाहिला नव्हता. तिथेच मी हरले.

मग किती वर्षं दर शनिवारी मी तुला घेऊन घाट चढले. वायपर चालवत, शिव्या घालत. तू वर डोंगरावर, मी खाली लॉजमध्ये लॅपटॉप उघडून बसलेली, थर्मासमध्ये चहा आणि डब्यात पोहे. बर्फ मला फ्रीजमध्येच बरा वाटतो, हे मी तुझ्या प्रत्येक कोचला सांगितलं होतं. बर्फावर घसरायच्या तुझ्या बोर्डाला मेण लावायला तू माझी कपड्यांची इस्त्री वापरलीस आणि पप्पा शर्टावर मेणाचे डाग घेऊन क्लायंट मीटिंगला गेले. तेव्हा मी तुला बोलले, "एक दिवस या बोर्डाची होळी करीन." तू म्हणालीस, "त्यात फायबरग्लास आहे आई, इट्स टॉक्सिक." तुझ्याकडे उत्तर नाही असं कधी झालंय?

या सगळ्यात एक दिवस असा आला की ज्युनिअर टीमची निवड झाली आणि तुझं नाव त्यात नव्हतं. सगळ्या सीझनमध्ये तू त्या पोरींच्या पुढे होतीस. तू लॉजमध्ये आलीस, माझ्यासमोर बसलीस आणि इतकंच म्हणालीस, "कोच सेड नो." मी लॅपटॉप मिटला. तुला हाताला धरून त्या माणसासमोर नेलं आणि म्हटलं, "विचार. का?" तू माझ्याकडे बघितलंस, मग त्याच्याकडे, आणि विचारलंस. तो इकडचं तिकडचं बोलला, टीममध्ये मिसळण्याबद्दल काहीतरी म्हणाला, लालेलाल झाला. पुढच्या आठवड्यात तुझं नाव आलं.

परत येताना गाडीत मी तुला आबांचं सांगितलं. तुझे आबा गावच्या शाळेत दाराबाहेर बसून शिकले. आत नाही म्हणजे नाही. का, हे त्यांना कुणी सांगितलं नाही आणि विचारायची सोय नव्हती. म्हणून आपल्या घरात कुणी नाही म्हटलं की गुपचूप परत यायचं नाही, आधी विचारायचं, का. तू चिप्स खात म्हणालीस, "ओके, ओके. आई, रोडकडे बघ." मला वाटलं, ऐकलं नाही. तू सगळं ऐकायचीस.

टीममधून तू कुठल्या कुठे गेलीस. निवेदक तुला 'मीट्रा' म्हणायचे आणि मी टीव्हीवर ओरडायचे, "संघमित्रा आहे तिचं नाव, सगळं म्हण!" गुडघ्याचं ऑपरेशन झालं तेव्हा तुला बाथरूमला नेताना मी म्हटलं, सोड आता, तू म्हणालीस, नर्स व्हायला मला दुसरी आई कुठे मिळणार? पुढे बोर्ड बनवणाऱ्या एका कंपनीने तुझ्या नावाचा बोर्ड काढला. त्याच्या खालच्या बाजूला तू पिंपळपान काढायला लावलंस. मी भडकले. पान बोर्डाच्या खाली, चिखलामातीत काढतात का? तू म्हणालीस, "आई, ती बाजू मी हवेत असतानाच दिसते." ऑफिसमध्ये जाऊन मी सगळ्यांना ते वाक्य ऐकवलं. तुला हे कधी सांगितलं नव्हतं, आता सांगते.

स्पर्धांच्या त्या वर्षांत मला बरी झोप लागायची. तिथे जाळ्या असतात, डॉक्टर असतो, अँब्युलन्स इंजिन चालू ठेवून उभी असते. मग तू स्पर्धा सोडल्यास आणि म्हणालीस, आता मी मोकळ्या डोंगरात जाणार, जिथे रस्ता नाही, दोरी नाही, कुणी गेलेलं नाही, आणि तिथे फिल्म करणार. आपण जे भांडलो ते आठवतंय ना? मी म्हटलं, हे काम नाही, हा जुगार आहे. तू म्हणालीस, "इट्स नॉट अ डिस्कशन, आई." कितीतरी महिने आपण फोनवर फक्त हवामानाबद्दल बोलायचो. आणि तुझ्या माझ्यात हवामान हाही काही साधा विषय नव्हता.

शेवटी तू शहाणपणा केलास आणि तुझ्या माणसांना घरी जेवायला आणलंस. कॅमेऱ्यावाला वेस, तुझ्याबरोबर बोर्डवर उतरणारी केली नावाची मुलगी, आणि आणखी दोन दांडगे पोरगे. मी मुद्दाम सावजी चिकन केलं. म्हटलं, बघू तरी कोण किती पाण्यात आहे. सगळे डोळ्यांतून पाणी काढत खात होते, पण ताट कुणी बाजूला सारलं नाही. वेसचं नाक गळत होतं आणि तो भात मागत होता. जेवता जेवता मी त्याला सरळच विचारलं, माझ्या मुलीला तिथे काही होणार नाही कशावरून?

तो चमचा खाली ठेवून म्हणाला, असं मी सांगू शकत नाही. पण आमचा एक नियम आहे. सकाळी निघताना एकदा आणि वर पोचल्यावर एकदा, प्रत्येकाला विचारायचं. एक जण जरी नाही म्हणाला, तरी सगळ्यांनी माघारी फिरायचं. आणि त्याला का म्हणून विचारायचं नाही. तेव्हाही नाही आणि नंतरही नाही. मी म्हटलं, का विचारायचं नाही? तर म्हणाला, कारण द्यावं लागलं की माणूस कारण सापडेपर्यंत गप्प बसतो. आणि डोंगरावर तेवढा वेळ नसतो.

मितू, त्या टेबलावर तो नियम माझ्याइतका कुणाला कळला नसेल. मी आयुष्यभर सॉफ्टवेअरचं टेस्टिंग केलं. माझं कामच नाही म्हणायचं. हे रिलीज जाऊ देऊ नका, असं मी म्हणते, आणि दहा मॅनेजर विचारतात, का? कित्येकदा माझ्याकडे पुरावा नसतो. नुसता वास आलेला असतो की इथे काहीतरी सडकं आहे. पुरावा नाही म्हणून रिलीज जातं आणि रविवारी सगळं कोसळतं. आणि इथे ही टोपीवाली पोरं मला सांगत होती की आम्ही नाही म्हणणाऱ्याचं मुकाट ऐकतो. मी म्हटलं, हा नियम पाळणार असशील तर जा. तू हात धुऊन आलीस, माझ्यासमोर उभी राहिलीस आणि म्हणालीस, "आईशप्पथ. आणि आई समोरच आहे." सगळे हसले. मी नव्हते हसले, मला ते खरं वाटलं होतं.

तू गेल्यावर मी पहिला विचार हाच केला. कुणालाच काही जाणवलं नसेल. सगळे हो म्हणाले असतील आणि डोंगराने दगा दिला असेल. असं होऊ शकतं, मी मनाला समजावलं. तोपर्यंत इंटरनेटवर लोकांनी गुन्हेगार शोधून काढला होता. कॅमेऱ्यावाले शॉटसाठी पोरांना ढकलतात म्हणे. वेसचं नाव घेऊन लोकांनी काय काय लिहिलं ते मी वाचलं. खुनी लिहिलं. त्याची ठरलेली कामं गेली. बोर्डाच्या कंपनीने तुझा काळापांढरा फोटो टाकला आणि वेसबद्दल एक अक्षर काढलं नाही. केलीही गप्प, वेसही गप्प.

मग एका दुपारी आपल्या घरासमोर एक गाडी थांबली आणि तिच्यातून कुणी उतरेचना. मी सपाता घालून बाहेर गेले आणि काचेवर टकटक केलं. आत वेस होता, दाढी वाढलेली, डोळे खोल गेलेले. त्याला आत आणलं, त्याच टेबलाशी बसवलं, चहा दिला. तो तुझ्याबद्दल बोलत राहिला, तू गाडीत किती भयानक गायचीस वगैरे. मी ऐकून घेतलं. मग विचारलं, "वेस, त्या दिवशी वर कुणीच 'नाही' म्हणालं नाही?"

त्याने कपाकडे पाहिलं. मितू, मी एवढी वर्षं लोकांना विचारलंय, हे तपासलं का, ते तपासलं का. कुणी कपाकडे पाहिलं की मला कळतं. मी पुन्हा विचारलं. तो म्हणाला, "मी म्हणालो होतो."

मग त्याने सगळं सांगितलं. वादळ होऊन गेलं होतं, नवा बर्फ पडला होता, आणि लख्ख ऊन आलं होतं. तू आणि केली वर, तो समोरच्या कड्यावर कॅमेरा लावून, मधे रेडिओ. तू विचारलंस, सगळे तयार? केली हो म्हणाली. वेस म्हणाला, माझ्याकडून नाही. आणि तू रेडिओवर म्हणालीस, "व्हाय?"

तो गप्प झाला. त्याच्याकडे कारण नव्हतं. उतार त्याला बरा वाटला नाही, बस. तू पुन्हा विचारलंस. तो म्हणाला, माहीत नाही, नुसतं वाटतंय. तू हसलीस. म्हणालीस, तुझ्या वाटण्यासाठी ऊन थांबणार नाही. आणि तो म्हणाला, ओके. तू उतरलीस. तुझ्या डोक्यावरचा सगळा उतार सुटला. बर्फाखालूनही सिग्नल देणारा तुझ्या छातीवरचा बीकन नीट चालू होता, त्यावरून केलीने तुला शोधलं, हातांनी उकरलं. तू सापडलीस लवकर, पण उपयोग नव्हता.

मी त्याच्यावरही ओरडले, तुला खोटं कशाला सांगू? "तू ओके का म्हणालास? तुझाच नियम ना?" तो म्हणाला, कारण ती मितू होती. तिच्यापुढे कधी कोण जिंकलंय? मग म्हणाला, हे कुणाला सांगू नका. केली आणि मी ठरवलंय. लोक मला बोलतायत ते थांबेल कधीतरी. तिच्याबद्दल कुणी वाईट बोलायला नको. आणि तो मुलगा, ज्याचं नाक माझ्या रश्श्याने गळत होतं, तो माझ्या टेबलावर डोकं टेकून रडला.

त्या दिवसापासून माझा राग तुझ्यावर आहे. आधी तो डोंगरावर होता, कंपनीवर होता, सुजाता काकूंवर होता. तो सगळा गोळा होऊन तुझ्याकडे आला. बये, तू शप्पथ घेतली होतीस. तुझ्या मित्राने तुला तुझ्याच नियमाने अडवलं आणि तू त्याला हसलीस. वर तो तुझ्यासाठी शिव्या खातोय. आणि तू फोटोत काळीपांढरी होऊन गोड दिसतेयस.

मी पप्पांना सांगितलं की हे मी सगळ्यांसमोर सांगणार आहे. तुझी मंडळी मार्चअखेर इकडे घाटावर जमणार होती, तू जिथे शिकलीस त्याच डोंगराखाली, तुझ्यासाठी. तिथे सांगणार. पप्पा गॅरेजमध्ये तुझे बोर्ड पुसत होते. रोज पुसतात, धूळ नसली तरी. म्हणाले, "काय मिळणार तुला त्याने? वेस स्वतः नको म्हणतोय."

"त्याला लोक खुनी म्हणतायत, अहो. आपल्या घरी जेवलेला पोरगा आहे."

"विसरतील लोक."

"तो विसरेल का?"

"तू गेलेल्या पोरीवर बग फाइल करतेयस," पप्पा म्हणाले. त्यांचा आवाज चढत नाही, तुला माहीत आहे. त्या दिवशी चढला. "आणि 'का' विचारायला तिला शिकवलं कोणी?"

बोलले आणि लगेच फडकं खाली टाकून माझ्याकडे आले. सॉरी, सॉरी म्हणत राहिले. मी रडले नाही. मी इतकी संतापले होते की रडू यायला जागाच नव्हती. त्यांना काही बोलले नाही, कारण ते उत्तर तुला द्यायचं होतं. ते इथे देते.

हो, मी शिकवलं. पुन्हा वेळ आली तर पुन्हा शिकवीन. तुझ्या जागी दहा मुली असत्या तर दहांना शिकवलं असतं. आबांना दाराबाहेर बसवणाऱ्याला विचारायचा तो प्रश्न आहे. त्या लालेलाल झालेल्या कोचला विचारायचा आहे. तुला बाहेर ठेवण्यात ज्याचा काही फायदा आहे, त्याला विचारायचा आहे. वेसचा काय फायदा होता? तू माघारी आली असतीस तर त्याचा शॉट गेला असता, दिवस वाया गेला असता. त्याला फक्त तू घरी यायला हवी होतीस. पायाखालच्या आवाजावरून तुला बर्फाची जात कळायची, आणि माणसाच्या नाही म्हणण्यातला एवढा फरक कळला नाही? तो दोष मी माझ्या पदरात घेणार नाही, मितू. आईने तो घ्यावा अशी लोकांची फार इच्छा असते. मी नाही घेणार.

आणि तुला तो फरक कळत नव्हता असंही नाही, म्हणून तर जास्त राग येतो. गेल्या वर्षी तू मला हट्टाने बर्फावर उभं केलंस. पप्पांचा रेनकोट, भाड्याचे बूट, आणि लहान पोरांचा तो बुटका उतार. तू माझे दोन्ही हात धरून माझ्यासमोर उलटी घसरत होतीस. "आई, माझ्याकडे बघ, पायाकडे नको." मी किंचाळत होते, आजूबाजूची चिल्लीपिल्ली हसत होती. आणि खरं सांगू? थोडा वेळ मजा आली. पाय आपोआप जात होते आणि तुझा चेहरा इतक्या जवळ होता. मी तुला एवढं जवळून बऱ्याच वर्षांत पाहिलं नव्हतं, नाकावरची साल निघालेली, डोळ्यांच्या कडेला उन्हाच्या सुरकुत्या. मग मधेच मी म्हटलं, बस, आता नाही. तू जागच्या जागी बर्फात बसलीस, माझे पट्टे सोडलेस, बोर्ड खांद्यावर घेतलास आणि माझा हात धरून खाली चालत आलीस. एका शब्दाने विचारलं नाहीस. मला तर उताराच्या शेवटापर्यंत जेमतेम एका घराएवढं अंतर उरलं होतं, तरी विचारलं नाहीस.

त्या दिवसाबद्दल मला तुझे आभार मानायचे राहिले आहेत. मानते. आता पुढचं ऐक.

परवा आम्ही घाटावर गेलो. पप्पा म्हणत होते मी येणार नाही, पण गाडी तेच चालवत होते. लॉजमध्ये पाय ठेवायला जागा नव्हती. तुझ्यासारखीच उन्हाने रापलेली, लंगडत चालणारी माणसं, काहींच्या कडेवर मुलं. वेस सगळ्यात मागे, भिंतीला टेकून. त्याच्या आजूबाजूला लोकांनी जागा सोडली होती. दाटीच्या खोलीत त्याच्याभोवती तेवढी मोकळी जागा होती, आणि ती बघून माझा उरलासुरला संकोच गेला.

लोक बोलले. छान बोलले. तू किती निडर होतीस, कुणाचं न ऐकता कशी जगलीस. मग मी उभी राहिले. माझं इंग्लिश मीटिंगचं आहे, तेच वापरलं. मी म्हटलं, माझ्या मुलीला त्या दिवशी तिच्या मित्राने नाही म्हटलं होतं. तुमच्या नियमाप्रमाणे तिने परत फिरायचं होतं. तिने कारण विचारलं, ते मिळालं नाही म्हणून ती हसली आणि गेली. वेसने तिला ढकललं नाही, अडवलं. ज्यांना कुणाला शिव्या द्यायच्या असतील त्यांनी तिला द्या, माझ्यासमोर द्या, ती माझी आहे. आणि तिला निडर म्हणू नका. त्या दिवशी सगळ्यात निडर माणूस समोरच्या कड्यावर होता, आणि तिने त्याचं ऐकलं नाही.

कुणी टाळ्या वाजवल्या नाहीत. एक उंच पोरगा दार आपटून बाहेर गेला. एक बाई माझ्याकडे अशी बघत होती, जणू मीच तुला आत्ता मारलं. केली तोंडावर हात धरून बसली होती. वेसने मान वर केली नाही, पण त्याच्या शेजारी जाऊन कुणीतरी उभं राहिलं. मी चष्मा पुसून पाहिलं. तुझे पप्पा होते, हातात थर्मास घेऊन.

त्यानंतरचं त्यांचं आधीच ठरलेलं होतं. हद्दीच्या दोरीपलीकडचा एक उतार आहे ना, तुझा लाडका, जिथून तू शाळेत असताना चोरून उतरायचीस आणि मला वाटायचं तू रांगेत आहेस. तिथून सगळ्यांनी तुझ्या नावाने एकत्र उतरायचं. ते तारेवरच्या पाळण्यात बसून वर गेले. मी आणि पप्पा लॉजच्या काचेपाशी उभे राहिलो. वर दोरीपाशी सगळे ठिपक्यांसारखे जमलेले दिसत होते. ऊन पडलं होतं, आदल्या दिवशीचा नवा बर्फ होता. मनात म्हटलं, आता एकेकाला विचारत असतील.

ते तसेच उभे राहिले. मग वाकले, पट्टे सोडले आणि बोर्ड हातात घेऊन पाळण्याकडे परत फिरले. सगळेच्या सगळे. मला वाटलं कुणाला काही लागलं.

केली पहिली आत आली. मी धावतच गेले, विचारलं, काय झालं? ती म्हणाली, "मी 'नाही' म्हणाले."

"मग?"

"मग काही नाही. खाली आलो."

"कुणी काही विचारलं?"

तिने नाही म्हणून मान हलवली. मग म्हणाली, "त्या दिवशीही मला तो उतार आवडला नव्हता. पण तिने वेसला कारण विचारलं, आणि माझ्याकडेही कारण नव्हतं." ती माझ्या गळ्यात पडली. इतकी धिप्पाड मुलगी, तिचे दात वाजत होते. मागून वेस आला, दार आपटून गेलेला तो पोरगा आला, बाकीचे आले. बूट आपटून बर्फ झाडत होते, कुणी जॅकेट काढत होतं, कुणी जेवायला कुठे जायचं म्हणून वाद घालत होतं. पप्पा सगळ्यांना चहा ओतत होते.

एवढंच होतं, मितू. हातमोजे काढायला लागतो तेवढा वेळ. कुणाचं नाक कापलं गेलं नाही, कुणी भित्रं ठरलं नाही. काचेतून मी एकेकाला मोजत होते. सगळे खाली आले, कार्टे. सगळे चालत खाली आले.